कुत्र्याला क्रेटची सवय: दार लावण्याआधीचे तीन आठवडे

क्रेट, म्हणजे कुत्र्याला आत बसायला-झोपायला दार असलेला पिंजरा. त्याचं खोकं शनिवारी दुपारी घरी येतं. पाच मिनिटांत जाळ्या उलगडतात, क्लिपा बसतात, आत नवीकोरी गादी पडते. संध्याकाळी कुत्र्याला बिस्किट दाखवून आत घेतात, मागून दार लावतात आणि घरचे सगळे सोफ्यावर बसून बघतात. पहिलं मिनिटभर तो बिस्किट खातो. मग दाराला नाक लावून ढकलून बघतो. दहाव्या मिनिटाला अख्खी विंग ऐकत असते. कुणीतरी म्हणतं, "रडू दे, होईल आपोआप गप्प." तासाभराने तो गप्प होतोही, कारण तो दमलेला असतो. दुसऱ्या दिवशी मात्र तो क्रेटच्या बाजूला फिरकत नाही, आणि आपण जाहीर करतो की आमच्या कुत्र्याला क्रेट जमत नाही.

मीही हेच केलं होतं. ठमी आमच्याकडे आली तेव्हा दीड वर्षाची होती, आमच्याच पार्किंगमध्ये वाढलेली गावठी. क्रेट आणल्याच्या चौथ्या दिवशी तिला आत बंद करून आम्ही एका साखरपुड्याला गेलो, फक्त अडीच तास. परत आलो तेव्हा गोधडी लाळेने चिंब झाली होती, खालच्या ट्रेचा कोपरा वाकून बाहेर आला होता आणि पुढच्या उजव्या पायाचं एक नख मुळापासून तुटलं होतं. पुढचे चार महिने त्या अडीच तासांचे हप्ते फेडण्यात गेले. खालचा क्रम त्यातून आणि नंतर ओळखीच्या सात-आठ कुत्र्यांसोबत जमिनीवर बसून पक्का झालेला आहे. वेळ हवा तेवढा घ्या, क्रम मात्र बदलू नका. दार बंद होतं ते पाचव्या पायरीला, त्याआधी नाही.

आधी हे बघा: क्रेट कुणासाठी नाही

तुम्ही चप्पल घातली की जो कुत्रा धापा टाकायला लागतो, एकटा असतानाच घरात शू करतो, मुख्य दार ओरबाडतो, त्याला एकटेपणाची भीती आहे. अशा कुत्र्याला क्रेटमध्ये घातलं तर भीती तेवढीच राहते, फक्त पळायला जागा उरत नाही. दात आणि नखं तुटतात ती बहुधा अशांचीच. आधी पशुवैद्याला आणि वर्तनतज्ज्ञाला दाखवा, क्रेटचं नंतर बघू.

दोघंही नऊ-नऊ तास ऑफिसला जात असाल तर क्रेट हा त्यावरचा उपाय नाही. एखादी मोकळी केलेली खोली, दारात बेबी गेट आणि दुपारी फिरवून आणणारं माणूस, एवढी सोय लागेलच.

जुलाब, उलट्या, लघवीचा संसर्ग, सांधेदुखी असं काही चालू असेल तर ते बरं होईपर्यंत सुरुवात करू नका. क्रेटमध्ये पोट बिघडणं कुत्र्याला आपल्यापेक्षा जास्त लाजिरवाणं वाटत असावं, असं त्याचं तोंड बघून मला तरी वाटतं.

पिल्लांच्या बाबतीत एक ढोबळ हिशेब लक्षात ठेवा: महिन्यांतलं वय अधिक एक, इतके तास ही वरची मर्यादा. म्हणजे तीन महिन्यांच्या पिल्लाला जास्तीत जास्त चार तास. दिवसा मी याच्या निम्मेच धरते. मोठ्या कुत्र्यालाही दिवसा एका बैठकीत चार-पाच तासांच्या वर ठेवू नका.

तयारी: यात एक आठवडा गेला तरी चालेल

माप. टेप घ्या. नाकाच्या टोकापासून शेपटीच्या मुळापर्यंत लांबी मोजा आणि त्यात दहा सेंटीमीटर मिळवा. कुत्रा बसलेला असताना जमिनीपासून डोक्यापर्यंतची उंची मोजा, त्यातही आठ-दहा मिळवा. आत त्याला मान न वाकवता उभं राहता आलं पाहिजे, गोल फिरता आलं पाहिजे आणि पाय पसरून आडवं होता आलं पाहिजे. दुकानात मापं इंचांत सांगतात: बीगलला बहुधा ३०, आपल्या गावठीला ३६, मोठ्या लॅब्रेडॉरला ४२. पण दुकानदाराच्या अंदाजापेक्षा तुमच्या टेपवर विश्वास ठेवा. प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध करणाऱ्या १९६०च्या कायद्यातही (कलम ११) हालचालीला पुरणार नाही इतक्या लहान पिंजऱ्यात प्राणी ठेवणं हा गुन्हा आहे.

पिल्लू असेल तर मोठेपणीच्या मापाचा क्रेट घ्या आणि सोबत येणारी मधली जाळी लावून जागा कमी करा. जागा फार मोठी असली की पिल्लू एका कोपऱ्यात झोपतं आणि दुसऱ्या कोपऱ्यात शू करतं.

प्रकार. आपल्या हवेत तारेच्या जाळीचा क्रेट सगळ्यात बरा, हवा खेळती राहते. प्लास्टिकचा बंद क्रेट प्रवासाला ठीक, पण मे महिन्यात तो घरात तापतो. कापडी क्रेट सवय झालेल्या कुत्र्यासाठी. नवख्याने तो फाडायला पाच मिनिटं पुरतात.

जागा. हॉलचा कोपरा, सोफ्याच्या शेजारी, पंख्याखाली. गॅलरी नको, मुख्य दाराजवळ नको (बेल वाजली की उडी), वॉशिंग मशीनला लागून नको. माणसं जिथे बसतात तिथेच त्याची जागा हवी. अडगळीच्या खोलीत ठेवलेला क्रेट त्याला शिक्षाच वाटणार.

आवाज. हे बहुतेकांच्या लक्षातच येत नाही. टाइल्सवर ठेवलेल्या जाळीच्या क्रेटमधला ट्रे पाय पडला की खडखडतो. ठमीने दुसऱ्या खेपेला पहिलं पाऊल आत ठेवलं, ट्रे खडकन वाजला आणि ती थेट स्वयंपाकघरात ओट्याखाली. दोन दिवस वाया गेले. क्रेटखाली जुनी सतरंजी किंवा योगा मॅट घाला, ट्रे आणि जाळी यांच्या फटीत दुमडलेलं सुती कापड खोचा, मग आत हात घालून जोरात दाबून बघा. दाराची कडीही पाच-सहा वेळा लावून-काढून बघा. करकरत असेल तर खोबरेल तेलाचा थेंब टाका.

अंथरूण. नवी गादी नको. तो आधीपासून ज्यावर झोपतो तेच घाला. जुन्या साड्यांची गोधडी उत्तम, तिला घराचा वास असतो. गोधडी चावून दोरे गिळणारा कुत्रा असेल तर मात्र सुरुवातीला नुसती सतरंजी. पावसाळ्यात दोन अंथरुणं हाताशी हवीत, कारण एक कायम दमट असतं.

खाऊ. उकडलेलं चिकन (मीठ-मसाला नाही) किंवा पनीर, हरभऱ्याच्या दाण्याएवढे तुकडे करून. हा खाऊ फक्त क्रेटपाशीच मिळणार, दुसरीकडे कुठेही नाही. कांदा-लसूण घातलेलं काहीही नको, मनुका, द्राक्षं आणि चॉकलेट अजिबात नको.

घरच्यांची बैठक. तीन गोष्टी ठरवा. एक, क्रेटमध्ये जायला सांगण्याचा शब्द कोणता. आम्ही "घरी" म्हणतो. आजी "जा बाई तुझ्या खोलीत" म्हणणार आणि मुलगा "क्रेट! क्रेट!" ओरडणार, असं चालणार नाही. दोन, तो आत असताना जाळीतून बोट घालायचं नाही, लहान मुलांनी तर नाहीच. तीन, रागावून आत घालायचं नाही. सोफा फाडला असला तरी नाही. आणि "बिचाऱ्याला कोंडून ठेवता!" हे कुणीतरी म्हणणारच, त्यांना खाऊ टाकण्याचं काम द्या. आठ दिवसांत मत बदलतं.

> इशारा: क्रेटमध्ये जाण्याआधी पट्टा, हार्नेस, गळ्यातली घंटा, दृष्ट लागू नये म्हणून बांधलेला काळा दोरा, सगळं काढा. जाळीत अडकून गळफास बसू शकतो.

पायरी १: दार बांधून ठेवा (३ ते ५ दिवस)

दार पूर्ण उघडून सुतळीने बाजूच्या जाळीला घट्ट बांधा. निघत असेल तर काढूनच टाका. वाऱ्याने दार हललं, अंगाला लागलं, की सुरुवातीलाच खोट बसते.

आता काही करू नका. बोलावू नका, ढकलू नका, बोटाने दाखवू नका. दिवसातून सात-आठ वेळा तो बघत नसताना दोन तुकडे टाका: पहिल्या दिवशी दाराबाहेर, मग उंबऱ्याशी, मग आत हातभर, मग अगदी मागे. तो वास घेत येईल, मान लांब करून, मागचे पाय बाहेरच ठेवून तुकडा उचलेल आणि मागे सरेल. सरू दे. बाहेर येण्याचा रस्ता मोकळा आहे हेच त्याला कळायला हवंय.

> तपासा: चारही पाय आत, शेपूट सैल, आणि तुकडा खाऊन झाल्यावर पळत सुटण्याऐवजी दोन सेकंद तिथेच हुंगत राहणं. एकाच दिवसात तीनदा असं दिसलं तर पुढे.

पायरी २: जेवण आत (४ ते ६ दिवस)

दोन्ही वेळचं जेवण क्रेटमध्ये. वाटी आधी दाराशी, मग दर जेवणाला वीतभर मागे. दार अजून बांधलेलंच. तो जेवत असताना शेजारी जमिनीवर बसा, मोबाईल बघा, त्याच्याकडे टक लावून बघू नका.

वाटी मागे सरकवल्यावर त्याने जेवण सोडलं, तर काल जिथे जेवला तिथे परत या. उपाशी ठेवून "भूक लागली की जाईल" हा डाव खेळू नका. तो जाईल, पण भुकेपोटी आणि भीत भीत, आणि ती भीती पाचव्या पायरीला बाहेर येईल.

पायरी ३: शब्द आणि चघळणं (३ ते ४ दिवस)

"घरी" म्हणा, एक क्षण थांबा, मग तुकडा आत टाका. उलटं केलं, म्हणजे तुकडा आधी आणि शब्द नंतर, तर शब्दाला काही अर्थ राहत नाही. दिवसातून पाच-सहा वेळा, एका वेळी चार-पाच फेऱ्या. तो आत गेल्यावर आडवा झाला तर तुकडे एकामागून एक, शांतपणे, पंजांच्या मधे ठेवा.

याच दिवसांत आत चघळायला काहीतरी द्या: दही-भात भरून फ्रीजरमध्ये गोठवलेलं पोकळ रबरी खेळणं उत्तम. चाटल्याने कुत्रा निवांत होतो, आणि तुम्हाला वीस मिनिटं मिळतात. शिजवलेली हाडं देऊ नका, त्यांच्या कपच्या होतात.

पायरी ४: दार हलतं, लागत नाही (२ ते ३ दिवस)

सुतळी सोडा. तो आत चाटत असताना दार दोन बोटं हलवा, तुकडा द्या. अर्धं आणा, उघडा, तुकडा. पूर्ण आणा, टेकवा, लगेच उघडा, तुकडा. कडीचा आवाज वेगळा शिकवा: दार उघडं ठेवूनच कडी खटखटवा आणि खाऊ द्या.

> तपासा: दार हलल्यावर तो चाटायचं थांबून वर बघतो का? बघितलं तरी हरकत नाही, पुन्हा चाटायला लागला पाहिजे. उठून उभा राहिला तर तुम्ही घाई केलीत.

पायरी ५: दार लागतं (७ ते १० दिवस)

फिरवून, शू-शी उरकून, थोडा दमलेला असताना करा. कडी लावा, एक सेकंद, उघडा. तो बाहेर आला नाही तर उत्तमच. मग तीन सेकंद. मग पाच.

इथे मोठी चूक होते ती आकडा सतत चढवत नेण्याची: ५, १०, २०, ४०, ८०. दार लागलं की दर वेळी आधीपेक्षा जास्त वेळ जाणार हे कुत्र्याच्या लक्षात येतं, आणि तो आत जायचंच टाळतो. वर-खाली करा: ५, १५, ८, २०, ३, ३०, १०. पाच मिनिटांपर्यंत असंच, नंतर दहा, चार, पंधरा. या सगळ्या वेळात तुम्ही शेजारीच बसलेले असता.

दुसरी चूक बाहेर काढताना होते. दार उघडून "अले माझं सोनं ते!" करत मिठ्या मारल्या तर बाहेर येणं हाच दिवसाचा सण होतो. खाऊ आत असताना. बाहेर आल्यावर काही नाही, साधं "चल" म्हणा.

रडतोय: कुणकुण की भीती?

सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो, म्हणून जरा थांबून.

कुणकुण अशी असते: एक "कुं", मग थांबून तुमच्याकडे बघणं, परत "कुं". अंग सैल, खाऊ दिला तर खातो. असं असेल तर काही बोलू नका, दोन-तीन सेकंद शांत झाला की दार उघडा, आणि पुढची फेरी आखूड ठेवा. पिल्लाच्या बाबतीत आधी शू लागलीय का याचा विचार करा.

भीती वेगळी दिसते. धापा, पण उकाडा नाही. लाळ. कान मागे चिकटलेले, डोळ्यांचा पांढरा भाग दिसणारा. जाळी चावणं, ट्रे खणणं. पुन्हापुन्हा ओठ चाटणं आणि झोप नसताना जांभया, ही त्याच्याही आधीची खूण. आणि सगळ्यात पक्की: तोंडाशी धरलेलं चिकन घेत नाही. असं दिसलं की शांत होण्याची वाट बघू नका, लगेच दार उघडा. "रडताना उघडलं तर त्याला सवय लागते" हे कुणकुणीपुरतं खरं आहे. घाबरलेला कुत्रा त्या वेळी हट्ट शिकत नसतो. तो एवढंच शिकत असतो की या जागेत जीव गुदमरतो.

बाहेर काढलंत की त्या दिवशी पुन्हा क्रेट नाही. दुसऱ्या दिवशी दोन पायऱ्या मागे.

पायरी ६: तुम्ही उठता, मग खोलीबाहेर जाता (एक आठवडा)

आतापर्यंत कमावलेला वेळ इथे विसरा. पंधरा मिनिटं शेजारी बसून जमत होतं म्हणून पंधरा मिनिटं बाहेर गेलात तर फसाल. उठून उभे राहा, बसा. दोन पावलं जा, परत या. स्वयंपाकघरातून पाणी पिऊन या. दहा सेकंद, चाळीस, वीस. मग दुसऱ्या खोलीत कपड्यांच्या घड्या घाला.

पायरी ७: घराबाहेर

आधी खोट्या तयाऱ्या करा. किल्ल्या उचला आणि टीव्ही बघत बसा. बूट घालून भाजी निवडा. किल्लीचा आवाज म्हणजे संकट, हे गणित मोडायचं आहे. मग लॅचचं दार ओढून जिन्यात एक मिनिट, तीन, दोन, सात. जुना मोबाईल क्रेटसमोर टेकवून व्हिडिओ कॉल चालू ठेवा, म्हणजे जिन्यात उभं राहून आत काय चाललंय ते दिसतं. शेजारच्यांना आधी सांगून ठेवा, नाहीतर तुम्ही जिन्यात का ताटकळताय याची चौकशी होते.

अर्ध्या तासाला तो झोपलेला दिसला की पुढचे दोन-तीन तास बहुधा सोपे जातात. पहिली वीस मिनिटंच अवघड असतात.

> इशारा: कुत्रा मुख्यतः धापा टाकून अंग थंड करतो. एप्रिल-मेमध्ये आणि कोकणातल्या दमट हवेत क्रेटवर चादर घालायची तर तीन बाजू उघड्या ठेवा. वीज जाते त्या भागात इन्व्हर्टरवर पंखा नसेल तर बंद क्रेटमध्ये एकटं सोडू नका. पग, शिह त्झू अशा बसक्या नाकाच्यांना तर नाहीच. जाळीला अडकवायची पाण्याची वाटी मिळते, ती लावा.

रात्रीचं वेगळं

पिल्लाला पहिल्या रात्रीपासून हॉलमध्ये एकटं ठेवू नका. क्रेट तुमच्या अंथरुणाला लागून, हात खाली सोडला तर जाळीला लागेल असा. आईच्या कुशीतून येऊन त्याला चार दिवस झालेले असतात. दार लावण्याची सवय झालेली नसेल तर तोवर क्रेटचं दार उघडं ठेवून खोलीचं दार लावा. रात्री एक-दोनदा शूसाठी उठावं लागेल: दिवा मंद, बोलणं नाही, खेळणं नाही, उरकलं की परत आत. दोन-तीन आठवड्यांनी क्रेट रोज हातभर सरकवत हवा तिथे न्या.

आत शू झालीच तर ओरडू नका. एन्झाइमवाल्या क्लीनरने पुसा. अमोनिया असलेला क्लीनर वापरलात तर त्याला तिथे शूचाच वास येतो आणि तो पुन्हा तिथेच करतो.

दिवाळी आणि प्रवास

फटाक्यांसाठी क्रेट हवा असेल तर वसुबारसेला आणून उपयोग नाही. मोठ्या कुत्र्याला सगळ्या पायऱ्या चढायला सहा ते आठ आठवडे लागतात, आणि मधे गणपतीचे ढोल-ताशे आहेतच. आषाढात सुरू करा. फटाक्यांच्या रात्री क्रेट आतल्या खोलीत, खिडक्या बंद, पंखा जोरात, दार मात्र उघडं. घाबरल्यावर त्याला पलंगाखाली जायचं असेल तर जाऊ दे. ज्याचा आवाजाने थरकाप होतो त्याच्यासाठी औषधाबद्दल पशुवैद्याशी आधीच बोला, लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी नाही.

प्रवासाला निघण्याआधी उभ्या गाडीत क्रेट, मग सोसायटीला चक्कर, मग तासाभराचा रस्ता, अशी पहिलीपासूनची उजळणी करावी लागते. रेल्वेत कुत्रा सोबत न्यायचा तर एसी फर्स्टचा अख्खा कूपे किंवा केबिन आपल्याकडे असावी लागते. टू-टिअर, थ्री-टिअर, स्लीपरमध्ये चालत नाही. दुसरा मार्ग गार्डच्या डब्यातल्या डॉग बॉक्सचा. घरच्या क्रेटमध्ये घोरणारा कुत्रा त्या पत्र्याच्या अंधाऱ्या, दणदणणाऱ्या कप्प्यात शांत राहील असं धरून चालू नका. मी ठमीला कधी त्यात घातलेलं नाही आणि घालणारही नाही.

सवय पक्की झाली, घरात फाडाफाडी थांबली, की दिवसा दार पुन्हा सुतळीने बांधून टाका. आमच्या क्रेटचं दार दोन वर्षांपासून माळ्यावर आहे. दुपारी बाई झाडू घेऊन आल्या की ठमी उठते, आत जाते आणि भिंतीकडे तोंड करून झोपते.